आमच्या शाळेची मान्यता : नोटिशीपासून नव्या कागदापर्यंत

गोव्यातल्या आमच्या मराठी प्राथमिक शाळेचं मान्यतापत्र डिसेंबर २०२४ मध्ये पुन्हा हातात आलं. तपासणी झाली होती ऑगस्ट २०२३ मध्ये. मधल्या काळात नोटीस, खुलासा, मान्यता काढून घेतल्याचा आदेश, हायकोर्ट, फेरतपासणी असं सगळं होऊन गेलं. पहिली नोटीस आली तेव्हा विचारायचं कोणाला हेच समजत नव्हतं. हल्ली पेडणे आणि सांग्याकडच्या दोन संस्थांचे फोन आले, त्यांच्याकडेही तसाच कागद आलाय. फोनवर अर्धंच सांगून होतं, म्हणून क्रमाने लिहून ठेवते.

मी वकील नाही. वाळपईत फार्मसी चालवते. मुलगी या शाळेत होती म्हणून पालक-शिक्षक संघात गेले, आणि संस्थेचं सचिवपद घ्यायला कोणी पुढे येईना म्हणून तेही माझ्या गळ्यात पडलं. शाळेचं नाव मुद्दाम घालत नाही. प्रकरण मिटलंय, टीचर लोकांना आता शांतपणे शिकवू दे.

शाळा सत्तरी तालुक्यातली, १९९१ ची. १९९० मध्ये शशिकलाताई काकोडकर शिक्षणमंत्री असताना सरकारने प्राथमिक शाळांचं अनुदान प्रादेशिक भाषांच्या माध्यमाशी जोडलं, आणि पुढच्याच वर्षी गावातल्या मंडळींनी ही शाळा सुरू केली. पहिली ते चौथी, ४७ मुलं, तीन टीचर, चिऱ्याच्या तीन खोल्या आणि एक बारकं ऑफिस. जमीन देवस्थानची, करारावर. मुलं खेळतात ते पटांगणही देवळाचं.

१७ ऑगस्ट २०२३ ला तपासणी झाली. पाऊस आडवा येत होता, एका खोलीत पाण्याची धार लागली होती म्हणून टीचरनी चौथीची मुलं व्हरांड्यात बसवली होती. शिक्षण खात्याचे दोन अधिकारी आले, छापील फॉर्म आणि टेप घेऊन. खोल्या मोजल्या, संडास पाहिले, नळ सोडून पाहिला, हजेरीपट चाळला. तिसरीतल्या एका मुलाला तेराचा पाढा विचारला, तो तेर सत्ते एक्याण्णवला अडखळला आणि मग धावत सुटला. साहेब हसले. जाताना शेरेबुकात लिहून गेले : शाळेस भेट दिली, पट ४७, हजर ४१, अध्यापन समाधानकारक, इमारतीबाबत तोंडी सूचना दिल्या.

या शेऱ्याची झेरॉक्स त्याच दिवशी काढून ठेवा. आमच्या हेड टीचरना तशी सवयच आहे, त्याचा उपयोग पुढे फार झाला. आणि ‘तोंडी सूचना’ असं लिहिलेलं दिसलं की नम्रपणे म्हणायचं, सर, त्या सूचना खालीच दोन ओळींत लिहून द्या. बहुतेक अधिकारी लिहून देतात.

नोटीस आली १५ सप्टेंबरला, शुक्रवारी. चवथ, म्हणजे गणेश चतुर्थी, १९ तारखेला. गोव्यात चवथीच्या आदल्या आठवड्यात कोणाच्या हातात काम उरत नाही हे सांगायला नको. सगळे माटोळीच्या (गणपतीवर टांगायच्या फळाफुलांच्या) बाजारात. त्या गर्दीत माझ्या दुकानात पोस्टमनने रजिस्टर पाकीट आणून दिलं. सात त्रुटी, पंधरा दिवसांत खुलासा, अन्यथा मान्यता का काढून घेऊ नये. हात थंड पडले. गिऱ्हाईक खोकल्याचं औषध मागत होतं आणि मी त्याला दुसरीच बाटली काढून देत होते.

संध्याकाळी आमच्या अध्यक्षांकडे गेले. ते निवृत्त प्राथमिक शिक्षक, सगळे गुरुजीच म्हणतात. त्यांनी चष्मा लावून कागद वाचला आणि म्हणाले, “बाय, आधी पुरतं वाच, मग रड.”

गावात तोपर्यंत बातमी फुटली होती. मराठी शाळा बंद पाडायचा डाव आहे, असं देवळाच्या चौकात ठरूनही गेलं. २०११ पासून इंग्रजी माध्यमालाही अनुदान मिळू लागल्यावर इथल्या लोकांच्या मनात ती सल आहेच, मी ती नाकारत नाही. पण माझं मत वेगळं पडलं. फॉर्म छापील होता, रकाने सगळ्या शाळांना सारखेच, आणि जवळच्या एका इंग्रजी शाळेलाही नोटीस गेल्याचं आठवडाभरात कळलं. मोर्चा काढायचा उत्साह होता, तो गुरुजींनी थोपवला. मोर्चा काढला असता तर खुलासा लिहायचे दिवस त्यातच गेले असते.

शिक्षण हक्क कायदा २००९ चा, लागू झाला १ एप्रिल २०१० ला. शाळेला काय काय असलंच पाहिजे हे त्याच्या शेवटी एका परिशिष्टात दिलंय. जेमतेम दोन पानं. ती छापून घ्या आणि नोटीस शेजारी ठेवून एकेक ओळ जुळवा. आम्ही चवथीच्या दुसऱ्या दिवशी हेच करत बसलो, समोर नेवऱ्यांचं ताट.

नोटिशीत होतं : वर्ग चार, खोल्या तीन. परिशिष्टात आहे : प्रत्येक शिक्षकामागे किमान एक वर्गखोली. प्रत्येक इयत्तेमागे असं कुठेच नाही. आणि शिक्षक किती? पहिली ते पाचवीसाठी साठ मुलांपर्यंत दोन. आमच्याकडे ४७ मुलांना तीन टीचर आणि तीन खोल्या. हा मुद्दा तिथेच संपला.

नोटिशीत : स्वयंपाकघर नाही. परिशिष्टात स्वयंपाकघराची अट आहे ती माध्यान्ह आहार शाळेत शिजत असेल तिथली. आमच्याकडे आहार महिला स्वयंसहाय्य गट बाहेरून शिजवून आणतो. गटाच्या अध्यक्षीणबाईंनी तसं लिहून दिलं.

नोटिशीत : क्रीडांगण संस्थेच्या मालकीचं नाही. परिशिष्टात फक्त क्रीडांगण हवं असं आहे, मालकीचा शब्द नाही. तरी देवस्थान समितीचा ठराव जोडायचा ठरला. इथे गोव्याची एक गंमत आहे. आपल्याकडे देवस्थानं अजून पोर्तुगीज काळातल्या १९३३ च्या माझानी कायद्याखाली चालतात आणि मामलेदार हे त्यांचे प्रशासक. म्हणजे ठराव झाला तरी त्याची प्रत मामलेदार कचेरीत देऊन पोच घ्यायची. महाजनांची, म्हणजे देवस्थानच्या सभासदांची, बैठक भरायला वेळ लागतो, तेव्हा हे काम पहिलं हातात घ्या.

रॅम्प नव्हता आणि आगीचे सिलिंडर मुदत संपलेले होते, या दोन गोष्टी खऱ्याच होत्या. त्यावर वाद घातला नाही. गावच्या गवंड्याने व्हरांड्याच्या कडेने रॅम्प घातला, लोखंडी कठड्यासह अठरा हजार. जुने दोन सिलिंडर भरून घेतले आणि एक नवा घेतला, मिळून पाच हजारांच्या आत. ते कसे वापरायचे हे दाखवायला अग्निशमन दलाचे जवान आले होते. कुंभकोणमच्या शाळेत जुलै २००४ मध्ये लागलेल्या आगीत नव्वदहून जास्त मुलं गेली, त्यानंतर २००९ मध्ये सुप्रीम कोर्टाने देशभरातल्या शाळांना आगीपासून बचावाची साधनं सक्तीची केली, हे त्यांनी सांगितलं. तोवर आम्हा सगळ्यांना सिलिंडर म्हणजे तपासणीपुरती भिंतीवर टांगायची वस्तू वाटत होती. पिन ओढून पहिला फवारा मारला तो आमच्या सर्वांत घाबरट टीचरनी, आणि मग त्या सिलिंडर सोडेचनात.

उरलं इमारतीच्या मजबुतीचं प्रमाणपत्र आणि कुंपण. प्रमाणपत्रासाठी अर्ज साबांखाकडे (सार्वजनिक बांधकाम खात्याकडे) टाकला, त्याची पोच जोडली. इमारत १९९१ ची असल्याने मूळ नकाशा मागतील, तो शोधून ठेवा; आमचा पंचायतीच्या माळ्यावर सापडला, कडा वाळवीने खाल्लेल्या. कुंपणाचं त्रांगडं मोठं होतं, त्याचं पुढे येईल.

खुलासा २६ सप्टेंबरला हाताने नेऊन दिला. पोस्टाने पाठवला नाही. प्रत्येक पानावर पान नंबर, शेवटी जोडपत्रांची यादी, आणि आपल्या प्रतीवर आवक शिक्का, तारीख, सही. खिडकीवरचा माणूस पहिल्या पानावर शिक्का मारून मोकळा होतो; यादीच्या पानावरही मारायला लावा, नाहीतर उद्या कोणीही म्हणेल की जोडपत्रं नव्हतीच.

त्याच दिवशी माहिती हक्काखाली अर्ज टाकला : तपासणी अहवालाची प्रत आणि या फायलीवरच्या टिपण्या. फी दहा रुपये. उत्तराची मुदत तीस दिवस, आणि ते जवळजवळ मुदतीतच आलं. अहवालात दिसलं की चौथीचा वर्ग ‘व्हरांड्यात भरतो’. त्या एका पावसाळी दिवसाचा असा कायमचा नियम झाला होता! कौलं परतून घेतल्याचं बिल आणि वर्गाचे फोटो लावून पुरवणी खुलासा दिला. दिवाळी झाली, नाताळ झाला, कोणी काही विचारलं नाही. मिटलं असेल असं वाटू लागलं होतं.

८ जानेवारी २०२४ तारखेचा आदेश आला. पुढच्या शैक्षणिक वर्षापासून मान्यता काढून घेतली आहे. कारण एका ओळीचं : संस्थेने समाधानकारक खुलासा सादर केलेला नाही. सातपैकी एका मुद्द्याचीही चर्चा नाही. सुनावणीला बोलावलं नव्हतं. नंतर फाइल पाहायला मिळाली तेव्हा कळलं की पुरवणी खुलासा दुसऱ्याच फायलीला लागला होता.

त्या रात्री झोप आली नाही. तीन टीचरांचे पगार अनुदानावर, मान्यता गेली की अनुदानही जाणार. पालक तर दुसऱ्या दिवसापासून दाखले मागू लागले. नवीन प्रवेशांचे दिवस जवळ आले होते. आम्ही पालकांची सभा घेतली आणि आदेश मोठ्याने वाचून दाखवला, काही लपवलं नाही. सात मुलं तरी गेलीच. त्यांच्या आईवडिलांना दोष देत नाही, मीही कदाचित तेच केलं असतं.

वकील म्हापशाचे, एका पालकाच्या ओळखीतले. त्यांनी कायद्याचं अठरावं कलम उघडून समोर ठेवलं. मान्यता काढून घेता येते, पण लेखी आदेशाने आणि बाजू मांडायची संधी दिल्यावरच. आणि त्या आदेशातच सांगावं लागतं की ही मुलं शेजारच्या कोणत्या शाळेत जातील. आमच्या आदेशात दुसरी शाळा लिहिलेलीच नव्हती. लिहिणार कुठली? केंद्राच्या नियमांत पहिली ते पाचवीसाठी चालत एक किलोमीटरच्या आत शाळा, असं अंतर धरलंय. आमच्याकडे त्या अंतरात दुसरी शाळा नाही, आणि जी आहे ती व्हाळापलीकडे (ओढ्यापलीकडे). पावसात त्या व्हाळावरून मोठी माणसंही जपून जातात.

“मॅडम, शाळा चांगली आहे हे कोर्टात सांगत बसायचं नाही,” वकीलसाहेब म्हणाले. “आदेश कायद्याप्रमाणे झालेला नाही एवढंच सांगायचं.” मला ते आधी पटलं नव्हतं. बक्षिसांचे फोटो, माजी विद्यार्थ्यांची यादी असं पुष्कळ घेऊन गेले होते. त्यांनी ती फाइल बाजूला ठेवली आणि आवक शिक्क्याचं पान मागितलं.

तरीही एक धोका लक्षात असू द्या. मान्यता नसताना शाळा चालू ठेवली तर कायद्यात एक लाखापर्यंत दंड आहे, आणि पुढे रोजचे दहा हजार. म्हणजे स्थगिती मिळाल्याशिवाय जूनमध्ये घंटा वाजवायची सोय नव्हती.

याचिका फेब्रुवारीत दाखल झाली. वेळ गेला तो भाषांतरात. घटनेच्या ३४८ व्या कलमाप्रमाणे हायकोर्टाचं काम इंग्रजीत, आणि आमचं शेरेबुक, ठराव, खुलासा, सगळं मराठी. शेऱ्यांची अक्षरं लावताना गुरुजी भिंग घेऊन बसले. याचिका करायची वेळ येईल असं नुसतं वाटलं तरी भाषांतर आधीच सुरू करा. झेरॉक्स, नोटरी, टायपिंग, भाषांतर मिळून अकरा हजारांच्या आसपास गेले. वकिलांनी फी पंचेचाळीस हजार सांगितली, हप्त्यांनी. ज्यांना तेवढंही जमत नाही त्यांनी आपल्या तालुक्याच्या विधी सेवा समितीत चौकशी करावी.

गोव्याचं हायकोर्ट आता पर्वरीला आहे, २०२१ पासून. गुरुजींच्या डोक्यात अजून पणजीचं जुनं ठिकाण, आल्तिनोच. पहिल्या तारखेला ते पणजीला उतरून थेट पायलटच्या (मोटरसायकल टॅक्सीवाल्याच्या) मागे बसून वर चढले, आणि मी पर्वरीच्या गेटवर त्यांना फोन लावत उभी. वाळपईहून निघणाऱ्यांनी सकाळची पहिली कदंबा बस पकडावी. बोर्डावर आपला नंबर खाली असला की दिवसभर बसून ‘मॅटर पोहोचलं नाही’ ऐकून परत यावं लागतं. डबा आणि पाणी सोबत ठेवा. नुसत्या तारखेला आपण गेलंच पाहिजे असं नाही, वकील पुरतात. पण मला घरी बसवत नव्हतं.

सरकारी बाजूने दोन गोष्टी आल्या. एक, आधी वरच्या अधिकाऱ्यांकडे दाद मागायला हवी होती. दुसरी, प्रतिज्ञापत्रात काही नवीन त्रुटी, ज्या नोटिशीतही नव्हत्या आणि आदेशातही नव्हत्या. आमच्या वकिलांनी मोहिंदर सिंग गिल प्रकरणाचा १९७७ चा सुप्रीम कोर्टाचा निकाल पुढे केला : आदेश त्यात लिहिलेल्या कारणांवरच उभा राहिला पाहिजे, मागाहून प्रतिज्ञापत्रात कारणं भरता येत नाहीत. आणि बाजूच ऐकली नसेल तर आधी दुसरीकडे जा असं म्हणता येत नाही. न्यायमूर्तींनी सरकारी वकिलांना एकच विचारलं, सुनावणीची नोटीस दाखवा. ती नव्हती.

एप्रिलमध्ये, उन्हाळी सुट्टी लागायच्या आधी, अंतरिम स्थगिती मिळाली. त्या सुमारास सगळ्या कचेऱ्या लोकसभेच्या कामात. गोव्यात मतदान ७ मे ला होतं आणि आमच्या दोन टीचरही ड्युटीवर होत्या. स्थगितीच्या आदेशाची प्रत आम्ही पालकांना वाटली, पंचायतीच्या फळ्यावर लावली आणि खात्याच्या कार्यालयात शिक्का घेऊन दिली. गेलेल्या सातांपैकी तिघं जूनमध्ये परत आली.

जुलै २०२४ मध्ये याचिका निकाली निघाली. आदेश रद्द, शाळेची नव्याने तपासणी करावी, अहवालाची प्रत संस्थेला द्यावी, बाजू ऐकून कारणांसह निर्णय द्यावा. मान्यता द्या असं कोर्टाने म्हटलेलं नाही. गावात मात्र ‘केस जिंकलो’ म्हणून फटाके आणायची बोलणी झाली. गुरुजींनी सगळ्यांना गप्प केलं.

फेरतपासणीच्या आधी कुंपणाचं मिटवायचं होतं. शाळेच्या अंगणातून शिगम्याला (होळीच्या सणाला) देवाची पालखी जाते, कित्येक पिढ्यांची वाट. भिंत बांधू देणार नाही असं महाजन म्हणत, आणि त्यांचं चुकत नव्हतं. पुन्हा परिशिष्ट काढलं : भिंत किंवा कुंपण. मग लोखंडी खांब आणि जाळी, आणि पालखीच्या वाटेवर समोरासमोर दोन फाटकं. फाटकाची रुंदी ठरवायला महाजनांनी पालखीचा दांडाच आणून धरला. खांदेकऱ्यांना वळायला जागा हवी म्हणून आणखी दोन हात सोडले. एरवी फाटकांना कुलूप, चावी हेड टीचरकडे, आणि पालखीच्या दिवशी ती देवस्थानला द्यायची असं दोन्हीकडच्या सह्यांनी लिहून घेतलं. या कामाला बासष्ट हजार गेले, सगळ्यात मोठा खर्च हाच. निम्मे देवस्थानने दिले.

फेरतपासणी ऑगस्टअखेर झाली, सप्टेंबरच्या चवथीच्या आधी. आलेल्या मॅडम वेगळ्या होत्या. आम्ही परिशिष्टाच्या क्रमाने फाइल लावून ठेवली होती, मुद्दा आणि त्यामागे त्याचा कागद. त्यांनी रॅम्पवर स्वतः चालून पाहिलं, उतार जरा जास्त वाटतो म्हणाल्या, आणि तसं लिहिलंही. सुनावणी ऑक्टोबरमध्ये झाली, वीस मिनिटांत आटोपली. तिथे वकील नेला नव्हता, हेड टीचर आणि मी दोघीच होतो. विचारलं तेवढंच सांगितलं आणि बोललेलं सगळं शेवटी एका पानावर लिहून देऊन त्याची पोच घेतली.

मान्यतापत्रावर अटी आहेत : सिलिंडर दरवर्षी तपासून घेणे, मजबुतीचं प्रमाणपत्र वेळच्या वेळी नवं करणे, रॅम्पचा उतार कमी करणे. तिसरी अट नाताळच्या सुट्टीत पुरी केली, गवंडी तोच, पैसे घेतले नाहीत त्याने. वकिलांचा शेवटचा हप्ता अजून द्यायचा आहे, त्यासाठी शाळेच्या स्नेहसंमेलनात फराळाचा स्टॉल लावतोय. खुलाशाचा नमुना, जोडपत्रांची यादी आणि देवस्थानच्या ठरावाचा मसुदा माझ्याकडे टाइप केलेला आहे. पेडणे आणि सांग्याच्या मंडळींना तो पाठवलाय. आणखी कोणाला हवा असेल तर सांगा, नावं काढून पाठवते.